पत्र्याची पोथी

सेक्टर दहामध्ये रुक्माताईंचा आवाज ज्याला ऐकू जात नाही असा एकच माणूस होता, आणि तो त्यांचा नवरा होता. त्यांनी भाजीवाल्याला हाक मारली की पलीकडच्या रस्त्यावरचा भाजीवालाही ठेला वळवायचा. श्यामराव मात्र त्यांच्या शेजारीच खुर्ची टाकून शांतपणे पेपर वाचत. रिटायर झाल्यावर त्यांचे कान गेले. डॉक्टर म्हणाले, वय. सिविक सेंटरच्या बाजारातून आणलेलं कानाचं यंत्र आठवडाभरात चष्म्याच्या डब्यात जाऊन पडलं. "त्यात सगळं खरखरते," श्यामराव म्हणाले.

असं नशीब प्रत्येक नवऱ्याला मिळो, असं आम्ही शेजारी म्हणायचो. रुक्माताई हसत, पण जरा उशिरा हसत. असे उशीर माझ्या लक्षात राहतात.

मग सेक्टरच्या टोकाला हेमराज राहायला आला. त्याच्या पंथाचं नाव निनादपंथ. तिथे मूर्ती नाही, फोटो नाही, उदबत्तीसुद्धा नाही. पूजा फक्त आवाजाची. त्यांची पोथी म्हणजे एका दांडीला ओळीने टांगलेले पितळी पत्रे, त्यांवर एक अक्षर नाही. हेमराज लाकडी ठोक्याने पत्रा वाजवतो, आणि तो घुमत असेपर्यंत त्या पत्र्याचं वचन म्हणतो. पहिल्या पत्र्याचं वचन मी स्वतः ऐकलं आहे: "आरंभी नाद होता. त्यास ऐकणारे कोणी नव्हते, म्हणून त्याने कान घडवला. कान भरला, तसा नाद रिता झाला. तेव्हापासून तो मागतो आहे."

काय मागतो, ते पुढच्या पत्र्यांच्या वचनांत होतं.

श्यामराव त्याच्याकडे जायला लागले आणि त्यांना ऐकू यायला लागलं. आधी स्वतःचा श्वास, मग नळाचं थेंब थेंब गळणं, मग भिंतीआडच्या पालीचं चुकचुकणं. एका दुपारी माझ्याकडे चहा पिताना ते म्हणाले, "तुमचा फ्रिज जाते आता." दुसऱ्या दिवशी फ्रिज गेला. सगळं जग त्यांच्या कानात परत आलं, फक्त बायको सोडून. "थे बोलून राहिली की तोंड हलताना दिसते," ते म्हणाले. "आवाज काही येत नाही."

आख्खा ब्लॉक हसला. रुक्माताई या वेळी उशिराही हसल्या नाहीत.

माझं हसू अडलं ते वंदनामुळे. मागच्या ब्लॉकमधल्या कवडूचे कान हेमराजकडेच उघडले होते. तेव्हापासून त्याची बायको वंदना वांगी बोटाने दाखवून घेत होती. असं आणखी एक घर होतं, जिथे सासऱ्याचा कान आला आणि सून गप्प झाली. मी जमा-नावे मांडण्यात नोकरी घालवलेला माणूस. जमा दिसली की नावे कुठे पडली ते शोधतो. इथे ती त्याच घरात पडत होती.

मी रुक्माताईंना गाठलं.

"वहिनी, वंदनाचा आवाज शेवटचा कधी ऐकला?"

"तिले थायरॉइड हाये म्हणते."

"कोण म्हणते?"

"तिचा नवरा."

बोलल्यावर त्यांच्या ते लक्षात आलं. त्यांनी पदराचं टोक पिळलं.

"भाऊजी, हेमराजनं मले बलावलं हाये रविवारी. शेवटचा पत्रा राहिला म्हणते. घरच्या बाईनं आवाज द्याचा."

"आवाज द्यायचा म्हणजे हाक मारायची, की देऊन टाकायचा?"

"मले समजते, भाऊजी. मी काय कुक्कुलं बाळ हाये?" मग हळूच म्हणाल्या, "गेला तं गेला. एवढी वर्षं मी भिताडाशीच बोलून राहिली. एक डाव त्यायनं ओ देल्ली पायजे. मंग राहीन मुकी."

सौदा त्यांचा होता. रविवारी सकाळी मी सोबत गेलो.

हेमराजच्या खोलीत खिडक्यांना गाद्या लावलेल्या. कोपऱ्यात वंदना बसली होती. रुक्माताईंना बघून तिने मान हलवली, नको, नको अशी. कवडूने तिचा हात धरून खाली दाबला. श्यामरावांना पाठमोरं बसवलं होतं. हेमराजने शेवटचा पत्रा वाजवला. तो इतका खोल घुमला की माझे दात शिवशिवले. त्याने वचन म्हटलं:

"ज्यास कान दिला, त्याच्या घरून आवाज द्यावा. ज्याचे नाव प्रथम उच्चाराल, त्याच्या नावे पडेल."

मग तो रुक्माताईंकडे वळला. "नाव घ्या, आणि आवाज द्या."

त्याला म्हणायचं होतं, स्वतःचं नाव. वंदनाने तसंच केलं असणार, कवडूने पढवून आणली असणार. पण मराठी बाईला 'नाव घ्या' म्हटलं की तिच्यापुढे एकच नाव उभं राहतं, नवऱ्याचं, आणि ते रुक्माताईंनी लग्नातल्या उखाण्यानंतर कधी घेतलं नव्हतं. त्या चक्क लाजल्या. मी तोंड उघडणार, तोच त्यांनी रोजच्यासारखी, भाजीवाले वळतील अशी हाक मारली.

"अवो, मोनाचे बाबा!"

"ओ," श्यामराव म्हणाले, आणि वळले. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. "काय व?"

"ऐकू आलं?"

"आलं."

"माहा आवाज तं गेला नाही!" रुक्माताई टाळी वाजवून हसल्या. "भाऊजी, पाहा, हाये नं तसाच!"

होता. पत्रा अजून घुमत होता. हेमराजने तो हाताने थांबवला नाही. त्याचा चेहरा उतरला होता.

"मोना कोण?" त्याने विचारलं.

"पोरगी आमची. नागपूरले रायते, बालवाडीत शिकवते. कावून?"

हेमराजने पत्र्यांवर कापड टाकलं आणि आतल्या खोलीत जाऊन कडी लावली. मी दार बडवलं. कडी निघाली नाही.

घरी येईपर्यंत रुक्माताईंची बडबड थांबली नाही आणि श्यामराव शब्द न् शब्द ऐकत होते. मी म्हटलं, मोनाला फोन लावा. "लावते नं, चहा तं घ्या," त्या म्हणाल्या. तेवढ्यात तिचाच फोन आला. त्यांनी स्पीकर लावला.

"मोना! अवं, तुह्या बाबाले माहं ऐकू आलं!"

पलीकडे नातू रडत होता. त्याला कोणी उगी करत नव्हतं.

"मोना? बोल नं व. रेंज नाही काय? भाऊजी, पाहा बरं फोन."

फोनला काही झालं नव्हतं. रेंजही पुरेशी होती. श्यामराव फोनवर वाकले आणि त्यांनी डोळे मिटले.

"हाये ती," ते म्हणाले. "तिच्या बांगड्या ऐकू येऊन राहिल्या. लय जोरात हात हलवून राहिली."