तेलाची वाटी

सकाळची भट्टी उतरली होती. सून चादरी पिळत होती, सासू टोकाला टोक लावून कालच्या सुकलेल्यांच्या घड्या घालत होती. कंपनीच्या अतिथिगृहाच्या चादरी आणि कामगारांचे गणवेश धुण्याचं कंत्राट सासऱ्यांच्या उमेदीच्या काळापासून या घराकडे होतं. त्या दिवशी मळक्या कपड्यांची गाडी आलीच नाही. शिपाई आला. काम असमाधानकारक, सबब कंत्राट रद्द.

"एखादा डाग राहिला असेल," सासरे म्हणाले.

"चादरीला नाही, साहेबाच्या नाकाला लागलाय डाग," सासू म्हणाली.

कारण घरात सगळ्यांना ठाऊक होतं. कंपनीची कामं घेणाऱ्या घरांत एक किळसवाणी रीत होती. कंत्राटदाराच्या सुनेने संध्याकाळी साहेबांच्या बंगल्यावर जायचं. त्याला 'हातभार' असं गोंडस नाव होतं. आधी भांडी, मग आतले कपडे, आणि शेवटी साहेब पाहुण्यांदेखत पाय लांब करून तेलाची वाटी पुढे सरकवत. बाईसाहेब शेजारी बसून टीव्हीचा आवाज वाढवत. गेल्या आठवड्यात सुनेने ती वाटी परत सरकवली आणि चपला घालून घरी आली.

घरच्यांनी एका वकीलबाईंना गाठलं. त्यांनी कोर्टात अर्ज केला, की निकाल लागेपर्यंत हे काम दुसऱ्याला देऊ नये. "पण काम वाईट नव्हतं, कारण वेगळं होतं, हे सांगावं लागेल," त्या म्हणाल्या. "नाहीतर मनाई हुकूम मिळायचा नाही."

"सुनेनं पाय दाबले हे कोर्टात सांगू?" सासरे म्हणाले. "घराची अब्रू जाईल."

"मी दाबत होते तेव्हा कुठं होती ती, बाबा?" सून म्हणाली. तिचा नवरा बुटाची नाडी सोडून पुन्हा बांधू लागला.

सुनावणीच्या दिवशी कोर्टाच्या व्हरांड्यात कंपनीचा माणूस हसत जवळ आला. "कशाला ताणता? सूनबाईंनी माफी मागावी, येणं सुरू करावं. उद्या गाडी पाठवतो."

सासऱ्यांचा चेहरा उजळला. तो उजेड पाहवत नव्हता. "येईल की. मी समजावतो तिला."

"थोडे दिवस जा," नवरा पुटपुटला. "मग बघू."

"तूच जा ना," सासू लेकाला म्हणाली. "तुझ्या हातांत जोर जास्त आहे."

मग ती आपल्या नवऱ्याकडे वळली. ती चमच्यानेच जेवते म्हणून घरात तिला सगळे गमतीने 'मॅडम' म्हणत. "आधीच्या साहेबाचे पाय मी दाबायचे. तुम्ही फाटकाबाहेर बिडी ओढत थांबायचात. घरी येऊन हात कितीही घासले तरी घास तोंडाशी नेला की तोच वास. मी चमचा का धरला, विचारलंत कधी?"



कोर्टात सुनेने जे घडलं ते सरळ सांगितलं. कंपनीचे वकील म्हणाले, "बायका आपखुशीनं येतात, युवर ऑनर. घरोब्याचे संबंध आहेत." मागच्या बाकावरून सासू उठली. "मला बोलायचंय," ती म्हणाली, आणि बोलली. न्यायाधीशांनी दोघींचं म्हणणं प्रतिज्ञापत्रावर मागितलं आणि पुढच्या तारखेपर्यंत कंत्राट दुसऱ्या कुणाला द्यायला मनाई केली.

मनाई धुलाईच्या कंत्राटापुरती होती. बंगल्यातली वाटी तशीच होती. त्याच संध्याकाळी रंगकामाच्या कंत्राटदाराने आपली सून स्कूटरवरून तिथे आणून सोडली आणि तो फाटकाबाहेर बिडी पेटवून उभा राहिला. येणारे जाणारे त्याला नमस्कार करत होते. नमस्कार करणारे तुमच्या आमच्यासारखेच होते, आणि पोर आत कशाला गेली हे त्यांतल्या प्रत्येकाला माहीत होतं.

फाटकाच्या दुसऱ्या बाजूला सासू थांबली होती. पोर बाहेर आली ती पदराला हात पुसतच.

"साबणानं जात नाही ते," सासू म्हणाली आणि तिने ते तेलकट हात आपल्या हातात घेतले. "माझ्याबरोबर कोर्टात चल."