वाकून मानलेले आभार

त्या काळी तोक्योत कार्टूनच्या अर्ध्या भागाचे आवाज एका दमात ध्वनिमुद्रित करत. शेवटच्या वाक्याला एकजण चुकला की आवाज देणाऱ्या सातही जणांना पुन्हा पहिल्यापासून. आणि इसोको मुरासे दोनदा चुकली होती, तीही नेमकी शेवटच्याच वाक्याला.

आठ वर्षं तिने सिनेमांत नुसती चहा आणून ठेवणाऱ्या मोलकरणीची कामं केली होती. आता पहिल्यांदा नायकाचा आवाज मिळाला होता, दहा वर्षांच्या कोळ्याच्या पोराचा. वाक्य साधंच. बुडताना वाचवणाऱ्या कप्तानाला पोर म्हणतं, "फार उपकार झाले." पण आभार मानायचे तर जपानी माणसाची कंबर वाकणारच. इसोको वाकायची, माइक राहायचा वर आणि आवाज जायचा जमिनीला.

"मुरासे बाई," काचेपलीकडून दिग्दर्शक कुरामोची म्हणाले, "माइक काही जमिनीत पुरलेला नाही. आता शेवटची खेप. नाही जमलं तर दुसरीला बोलावतो."

"पाठीला फळी बांधू का गं?" कप्तानाचा आवाज देणारे म्हातारे दोमोन-सान कुजबुजले.

"ताठ उभं राहून पाहिलं मी मघाशी तालमीत. उपकार खोटेच वाटतात."

"मग आता?"

तिने कोपऱ्यातली संत्र्यांची रिकामी पेटी उचलली, खाली टॉवेल घातला आणि माइकसमोर ठेवली. चपला काढल्या.

"झाडावर चढायचंय वाटतं," मागून कुणीतरी म्हणालं.

ध्वनिमुद्रणाचा दिवा लागला. वादळ झालं, होडी फुटली, पोर ओरडलं, त्याने गटांगळ्या खाल्ल्या. अकरा मिनिटं कुणीच चुकलं नाही. शेवटचं चित्र आलं. आता पेटी करकरली तर सगळं पाण्यात. दोमोन-साननी स्वतःचं वाक्य म्हणता म्हणता तिचा हात धरला. ती अलगद वर चढली आणि मनापासून वाकली. तोंड बरोबर माइकपाशी आलं.

"फार उपकार झाले."

दिवा विझला. काचेपलीकडे फीत मागे फिरवली गेली. कुरामोचींनी ते वाक्य एकदा ऐकलं, मग पुन्हा ऐकलं.

"पोर वाकलेलं ऐकू येतंय," ते म्हणाले. "गुरुवारी दहाला या. दर गुरुवारी."

दोमोन-सान हसले. "आता हात सोडू का?"

"थांबा जरा," इसोको म्हणाली. "अजून पेटीवरून उतरायचंय."