नंदकिशोररावांचा नकार

“हेल्मेटचा पट्टा स्वल्प घट्ट करा अण्णा, नायतर काच उडंल तोंडावर,” प्रवीणकुमार म्हणाला, आणि सुलभाबाईंनी नवऱ्याकडे बघून कपाळावर हात मारून घेतला.

काय ते ध्यान! अंगात निळा ढगळ डगला, हातात जाड मोजे, डोक्यावर पिवळं हेल्मेट आणि हातात बेसबॉलची बॅट. झुरळ मारायची वेळ आली तर त्याला आधी “सरक रे बाबा” म्हणणारा हा माणूस. बॅटसुद्धा त्यांनी अशी धरली होती, की कुणीतरी दोन मिनिटं सांभाळायला दिली आहे आणि ते त्या माणसाची वाट बघताहेत.

बेंगळुरात जयनगरला टायरच्या दुकानावरच्या मजल्यावर हा उद्योग चालायचा. त्याला रेज रूम म्हणतात, असं सूनबाईंनी गाडीत समजावून सांगितलं होतं. आत जायचं, भंगारातल्या बाटल्या, बशा, जुने प्रिंटर फोडायचे, मनातला राग मोकळा करायचा आणि वर त्याबद्दल पैसे मोजून घरी यायचं. सुलभाबाईंनी हे ऐकून घेतलं होतं आणि खिडकीबाहेर बघत “शाबास” एवढंच म्हटलं होतं.

या उद्योगाचा मालक हा प्रवीणकुमार. ही मंडळी मराठी बोलताहेत हे कळल्यावर तो भलताच खुलला. “आमीबी मराठीच, अक्का. चार पिढ्या झाल्या हितं. घरात बोलतो तेवढंच. हितं कोण येतंय? कंपन्यातली पोरं येत्यात. बॉसवर चिडत्यात, हितं येऊन बाटल्या फोडत्यात, फुल रिलीफ. सोमवारी जाऊन त्याच बॉसला गुड मॉर्निंग.”

“मग बॉसनं तुम्हाला कमिशन द्यायला हवं,” सुलभाबाई म्हणाल्या.

प्रवीणकुमार हसला. त्याला राग आला नाही. या धंद्यातल्या माणसाला बहुतेक परवडत नसावा.

“आई, प्लीज,” ऋचा म्हणाली. “बाबांना एन्जॉय करू द्या ना.”

ही ऋचा, मुलाची म्हणजे आशयची बायको. पोरगी वाईट नव्हती. वाईट असती तर बरं झालं असतं, दोन शब्द सुनावता तरी आले असते. ती सासऱ्यांच्या चहात साखर कमी घालायची, सासूबाईंचे गुडघे दुखतात म्हणून तिनं लिफ्टजवळचा फ्लॅट घेतला होता, आणि कुणाच्याही चेहऱ्यावर जरा आठी दिसली की तिला त्या माणसाचा स्ट्रेस दिसायचा. आणि स्ट्रेस दिसला की तो काढून टाकल्याशिवाय तिला चैन पडायचं नाही.

नंदकिशोररावांचा स्ट्रेस तिला काल रात्री जेवताना दिसला होता. आणि तिथेच सगळा घोटाळा झाला.

नंदकिशोरराव सांगलीच्या एका कॉलेजात रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत सहायक होते. सगळी नोकरी काचेची भांडी विसळण्यात आणि पोरांच्या हातून ती वाचवण्यात गेली. एखाद्या पोरानं फ्लास्क फोडला आणि ते रडवेलं झालं, की हे पुढे होऊन म्हणायचे, “माझ्या हातून फुटला, सर.” मग सरांची बोलणी खायची, घरी येऊन गुपचूप जेवायचं आणि रेडिओ लावायचा. माणसानं गरीब असावं, पण किती?

त्यांना नाही म्हणताच येत नसे. दीर म्हणाले, पोराला शिकायला तुमच्याकडे ठेवतो. हे म्हणाले, “हो, मला काय, चालेल. हिला विचारतो.” शेजारी म्हणाले, आमची मोटार तुमच्या फाटकात लावतो. “हो, चालेल की. हिला विचारतो.” आणि मग हिनं बाहेर यायचं, पदर खोचायचा आणि नाही म्हणायचं. लग्न झाल्यापासून त्या घरातले सगळे नकार सुलभाबाईंच्याच तोंडून बाहेर पडले होते. आतून दाराआड उभं राहून नंदकिशोरराव ते ऐकायचे आणि पाहुणे गेल्यावर म्हणायचे, “बरं झालं बाई तू बोललीस. माझ्या अगदी मनातलं.” त्यामुळे गल्लीत नाव असं झालं, की नंदू म्हणजे देवमाणूस, बायको मात्र कजाग. देवमाणसाच्या घरी कुणीतरी कजाग असावंच लागतं, हे गल्लीला कोण सांगणार?

आता प्रश्न सांगलीच्या घराचा होता. आशयचं म्हणणं, तिथं दोघंच राहून काय करणार, घर विकून टाका आणि कायमचे आमच्याकडे बनशंकरीला या. गिऱ्हाईक तयार होतं आणि त्याला रविवारी संध्याकाळपर्यंत उत्तर हवं होतं. म्हटलं तर पोराचं चुकत नव्हतं. पण नंदकिशोररावांनी त्या घराच्या विटा पाणी मारून मारून स्वतः भिजवल्या होत्या. परसात त्यांचं लिंबाचं झाड होतं. संध्याकाळी कृष्णेच्या घाटावर त्यांचे तीन दोस्त जमायचे, आणि त्या तिघांत बसले की हा मुखदुर्बळ माणूस चक्क गोष्टी सांगायचा, हसवायचा. सुलभाबाईंनी एकदा लांबून ते पाहिलं होतं. इकडे बनशंकरीच्या फ्लॅटमध्ये मात्र जिथे बसवतील तिथे ते बसायचे आणि पंखा लावू का म्हणून विचारायचे.

मिरजेहून गाडी सुटल्यावर त्यांनी अचानक म्हटलं होतं, “या खेपेला आशयला मी सांगतो. घर विकायचं नाही, आणि आपण यायचं नाही. तू मधे पडू नकोस. मला बोलू दे.”

सुलभाबाईंना आधी वाटलं, गाडीच्या आवाजात आपल्याला भलतंच ऐकू आलं. मग त्यांना इतका आनंद झाला, की डब्यातला लाडू त्यांनी न मागता काढून दिला. “मी तोंडातून अवाक्षर काढणार नाही,” त्या म्हणाल्या. आणि बेंगळुरात उतरल्यापासून त्यांनी घराच्या विषयावर खरोखरच तोंडाला कुलूप घातलं होतं. जीभ आत सळसळत होती, पण दिलेला शब्द म्हणजे शब्द.

काल रात्री जेवताना नंदकिशोररावांनी भाकरीचा तुकडा ताटात ठेवला. कान लालबुंद झाले होते. बोटं थरथरत होती. “आशय,” ते म्हणाले, “मला जरा बोलायचंय. घराबद्दल.” सुलभाबाईंनी वाढायचा चमचा भाजीतच ठेवला. बोला, बोला, एकदाचं बोलून टाका!

“बाबा!” ऋचानं त्यांचा हातच धरला. “तुम्ही थरथरताय! किती स्ट्रेस घेतलाय तुम्ही! नको, आत्ता नको. उद्या आपण तुम्हाला मस्त रेज रूमला नेऊ. आमच्या टीमचं आउटिंग झालं होतं तिथे, इतकं हलकं वाटतं ना! मग शांतपणे बोलू.”

“हो बाबा, करेक्ट. उद्या बोलू,” आशय म्हणाला.

“हो, चालेल,” नंदकिशोरराव म्हणाले.

अगं बाई, त्यांना बोलू दे की, असं सुलभाबाईंच्या अगदी ओठांवर आलं होतं. पण मधे पडायचं नाही असं ठरलं होतं ना? त्या भाजी वाढत राहिल्या.

तर आता नंदकिशोरराव आत गेले आणि दार लागलं. मधे जाड काच होती. काचेच्या अलीकडे सोफा, आणि सोफ्यावर आपल्या माणसाचा तमाशा बघायला बसलेली घरची मंडळी. गाणं कुठलं लावू, असं प्रवीणकुमारनं विचारलं होतं, त्यावरही हे “कुठलंही चालेल” म्हणाले होते. मग ऋचानं काहीतरी धडधड वाजणारं लावलं आणि आतला आवाज बाहेर येईनासा झाला.

पहिली बाटली त्यांनी उचलली, उजेडात धरली, तळाशी काही राहिलं नाही ना हे पाहिलं आणि परत जागेवर ठेवली. आशय हसून लोळायचा बाकी राहिला. सुलभाबाईंना पोराच्या थोबाडीत द्यावीशी वाटली.

मग नंदकिशोररावांनी बाटलीवर बॅट मारली. हलकेच. फुटली नाही. पुन्हा मारली, फुटली. त्यांनी मान वळवून काचेकडे पाहिलं, कुणी रागावतंय का बघायला. कुणी रागावलं नाही. दुसरी फुटली. तिसरी. मग बशांची चळत एका फटक्यात गेली. आणि मग ते कोपऱ्यातल्या जुन्या प्रिंटरपाशी गेले.

त्या प्रिंटरनं त्यांचं काय घोडं मारलं होतं देव जाणे. त्यांनी त्याच्यावर बॅट घातली ती घातलीच. झाकण उडालं, चाकं उडाली, आतली तारांची आतडी बाहेर आली. हेल्मेटच्या पारदर्शक पट्टीमागे तोंड उघडमीट करत होतं. सुलभाबाई सोफ्यावरून उठून काचेला जाऊन चिकटल्या. गाण्याच्या धडधडाटात शब्द ऐकू येत नव्हते. पण नवऱ्याचे ओठ वाचायला त्यांना आवाजाची काय गरज?

नाही. नाही. नाही विकायचं. नाही यायचं. माझं घर आहे. नाही!

“बाबा रॉक्स!” ऋचा मोबाइलवर चित्रण करत ओरडली. “आई, बघा ना, किती रिलीज होतंय!”

सुलभाबाई बघत होत्या. जन्मभर ज्या शब्दाची वाट पाहिली तो शब्द एकदाचा बाहेर येत होता, आणि तो एका मेलेल्या प्रिंटरला ऐकवला जात होता. त्यांनी काचेवर थाप मारली. “अहो! तिथं नको! इकडे बाहेर येऊन बोला!” आत काहीच ऐकू गेलं नाही.

बाहेर आले तेव्हा नंदकिशोरराव घामानं निथळत होते आणि चेहरा कसा, पोट साफ झालेल्या माणसासारखा.

“एक नंबर, अण्णा!” प्रवीणकुमारनं पाठ थोपटली. “कसं वाटतंय?”

“छान,” ते म्हणाले. “हलकं वाटलं अगदी.”

तिथून ते कोपऱ्यावरच्या हॉटेलात गेले. उभ्यानं खायचं, उभ्यानं कॉफी प्यायची, तसलं हॉटेल. नंदकिशोररावांनी एक वडा संपवला आणि दुसरा मागितला. आशयनं घड्याळ पाहिलं.

“बाबा, काल तुम्ही घराबद्दल काहीतरी म्हणत होता ना? त्या माणसाला आज कळवायचंय. काय सांगू?”

सुलभाबाईंनी कॉफीचा पेला खाली ठेवला. अजूनही वेळ गेली नव्हती. दोन शब्द पुरे होते, तेही आत्ताच पन्नासदा म्हणून झालेले.

नंदकिशोररावांनी वडा चटणीत बुडवला. “मला काय,” ते अगदी प्रेमानं म्हणाले, “चालेल. आईला विचार.”

आणि निवांतपणे खाऊ लागले. त्यांना कसलीच काळजी नव्हती. त्यांनी विषय नेहमीच्या माणसाकडे सोपवला होता. आता ती पदर खोचेल, नाही म्हणेल, पोराशी वाईटपणा घेईल, आणि खोलीत गेल्यावर आपण म्हणू, बरं झालं बाई तू बोललीस.

“आई?” आशयनं विचारलं. त्यानं खांदे आधीच ताठ केले होते. ऋचानंही नजर खाली घातली. आईचा नकार येणार हे सगळ्यांनी धरूनच ठेवलं होतं.

नकार जिभेवर तयारच होता. सुलभाबाईंना इतका संताप आला होता, की जयनगरची सगळी दुकानं त्यांना बॅटीशिवाय फोडता आली असती. त्यांनी नवऱ्याकडे पाहिलं. मिशीला चटणी लागली होती.

“मला कशाला विचारतोस?” त्या म्हणाल्या. “घर त्यांच्या नावावर आहे. ते चालेल म्हणाले ना? मग चालेल.”

नंदकिशोररावांचा हात तोंडापाशी थांबला. त्यांनी बायकोकडे पाहिलं, मग आशयकडे, मग परत बायकोकडे. काहीतरी बोलण्यासाठी त्यांनी तोंड उघडलं. पण आशय तोवर मोबाइल कानाला लावून रस्त्यावर गेला होता, आणि ऋचा “थँक यू आई, थँक यू” म्हणत सुलभाबाईंच्या गळ्यात पडली होती. तिच्या डोळ्यांत खरंच पाणी आलं होतं.

गाडीत मागच्या सीटवर दोघं शेजारी बसले. पुढे पोरं बोलत होती, आईबाबांची खोली कुठली, पडदे कुठल्या रंगाचे.

“तू नाही म्हणशील असं वाटलं होतं मला,” नंदकिशोरराव पुटपुटले.

सुलभाबाईंचं लक्ष नवऱ्याच्या डोक्याकडे गेलं. कानामागे, पांढऱ्या केसांत काहीतरी चमकत होतं.

“हलू नका,” त्या म्हणाल्या. “केसात काच आहे.”

नंदकिशोररावांनी लगेच मान खाली घातली. गाडी हिसके खात होती, काच बोटांना सापडत नव्हती, आणि ते तसेच, अजिबात न हलता, बसून राहिले.