गोटीचे पन्नास बोल

गोटीची तपासणी मनासारखी झाली तर तिच्या बाबाच्या पदरात तीन गोष्टी पडणार होत्या. एक, दर रविवारी थोरल्या भावाकडे जेवायला जाताना मान ताठ ठेवता येणार होती. भावाचा मुलगा गोटीच्याच वयाचा, साडेचार वर्षांचा. तो जेवता जेवता अथपासून इतिपर्यंत गोष्टी सांगायचा आणि गोटी तेवढ्यात बोटानं पाणी दाखवायची. दोन, 'पोरगी बोलत नाही' हे बायकोचं वर्षभराचं पालुपद बंद पडणार होतं. तीन, घराला नापासाचा डाग लागणार नव्हता. बाबा मोटार चालवायला शिकवायचा. एकवीस दिवसांत परवाना, अशी त्याची ख्याती, आणि कुठलीही परीक्षा पाठ करून पार पडते यावर त्याची देवापेक्षा जास्त श्रद्धा.

गोटीला मिळण्यासारखी वस्तू एकच होती. एक खुर्ची.

बोलण्यात मागे पडलेल्या मुलांसाठी वाचा-उपचार केंद्रात एक छोटा वर्ग भरायचा. खुर्च्या आठ, त्यातल्या सात भरलेल्या. आठवी गोटीला मिळते का ते आज ठरणार होतं. आज हुकलं तर पुढची भरती वर्षानं, आणि तोवर गोटी मोठ्या शाळेत जाणार, जिथे बोटानं पाणी मागता येत नाही. आईनं या तारखेसाठी अकरा महिने वाट पाहिली होती, आणि नेमकी आजच तिची बेकरीतली पाळी बदलून मिळाली नाही. तिनं नवऱ्याला पाठवलं. त्याच्यावर लक्ष ठेवायला आपल्या वडिलांनाही पाठवलं. बाई व्यवहारी होती.

निघताना तिनं नवऱ्याला बजावलं होतं, "तिला फक्त घेऊन जायचं. शिकवायचं काही नाही." बाबानं मान हलवली होती. बायकोच्या सगळ्या सांगण्यातलं त्याला 'जागा मिळेल' एवढंच ऐकू आलं होतं, आणि तेही तीन आठवड्यांपूर्वी, केंद्राचं पत्र आलं तेव्हा. त्यानं आयुष्यात पाहिलेली प्रत्येक जागा वरच्या नंबराला मिळाली होती. तेव्हा रोज संध्याकाळी, शेवटचा शिकाऊ उतरला की, गोटीला शिकवण्याच्या गाडीत पुढच्या सीटवर बसवून त्यानं अभ्यासक्रम पुरा केला होता.

तपासणीची खोली छोटी होती. बुटकं टेबल, खेळण्यांचा खोका, लाल दिव्याचा रेकॉर्डर. तपासणाऱ्या बाई गोटीसमोर जमिनीवरच बसल्या. एका दमात मूल जेवढं बोलतं तो एक बोल; असे बोल त्या कागदावर एकाखाली एक उतरवायच्या. मग प्रत्येकात किती शब्द आहेत, ते एकमेकांना कसे जोडलेत, क्रियापद आहे की गळालं, हे मोजायच्या.

"हे बघ कोण आलंय," बाईंनी खोक्यातून अस्वल काढलं.

गोटीनं अस्वलाकडे पाहिलं, मग बाबाकडे. बाबानं भुवई उडवली.

"मला पुस्तकं वाचायला फार आवडतं," गोटी म्हणाली, "कारण पुस्तकं आपले मित्र असतात."

"अरे वा! आणि या अस्वलाला काय हवंय?"

"मी रोज सकाळी लवकर उठते आणि स्वच्छ दात घासते."

एका ठिकाणी ती अडखळली, तेव्हा बाबाचा उजवा पाय आपोआप जमिनीवर दाबला गेला. शिकवण्याच्या गाडीत त्याच्या पायाशी एक जादा ब्रेक असतो. इथे नव्हता.

अर्ध्या तासात कागद भरला. बाबा समाधानानं मागे रेलला, आणि तेवढ्यात बाईंनी पहिल्या ओळीवरून पेन्सिलीची एक बारीक रेघ मारली. मग दुसरीवरून. मग तिसरीवरून.

"अहो! बरोबर होतं की ते!"

"अगदी बरोबर. पण तिचं नाही."

"मग कुणाचं?"

"तुमचं," बाई शांतपणे म्हणाल्या. "पाठ केलेले बोल धरत नाहीत. मूल स्वतः वाक्य कसं जुळवतं ते मला बघायचंय."

"ठीक आहे, पण नंबर तर वरच येईल ना? खुर्ची मिळेल ना?"

बाईंनी पेन्सिल खाली ठेवली. "ही खुर्ची मागे असलेल्यांसाठी आहे. तुमच्या मिसेसना पत्रात सगळं लिहिलं होतं."

कोपऱ्यातल्या खुर्चीतून आबा, म्हणजे बाबाचे सासरे, म्हणाले, "जावईबापूंच्या गाडीत आरसे तीन आहेत. शेजारी बसलेली बायको एकातही दिसत नाही."

"आबा, ही वेळ आहे का?" बाबा बाईंकडे वळला. "मग लिहा ना, मागे आहे म्हणून! मी बाप सांगतोय!"

"तुमच्या सांगण्यावर नाही लिहिता येत. तिचे स्वतःचे निदान पन्नास बोल लागतात. रेघा मारून माझ्याकडे सात उरलेत. आणि बाराला दुसरं मूल येईल."

साडेअकरा वाजत आले होते. गोटीचा साठा मात्र संपला होता. बाईंनी खेळण्यातली गाडी फिरवून पाहिली, अस्वलाला इवल्या खाटेवरून पाडून पाहिलं. गोटी ओठ मिटून बघत राहिली.

"गोटी, बोल ना गं," बाबा गुडघ्यांवर आला. "काहीही बोल! चुकीचं बोल!" उभ्या आयुष्यात त्यानं हे वाक्य एकाही शिकाऊला म्हटलं नव्हतं.

गोटीनं बापाची दया येऊन म्हटलं, "मला पुस्तकं वाचायला फार आवडतं."

बाईंनी रेघ मारली आणि बाबाला बाहेरचा बाक दाखवला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते करून तो निमूट गेला.

मग त्या आबांकडे वळल्या. आबांचा किल्ल्या बनवायचा गाळा होता, आणि आई पाचला घरी येईपर्यंत गोटी रोज दुपारी तिथेच, मशीनशेजारच्या स्टुलावर असायची.

"तुमच्याशी बोलते का हो ही?"

"आमच्यात बोलायची वेळच येत नाही," आबा अभिमानानं म्हणाले. "तिनं नुसतं बघितलं की मला कळतं. पाणी हवं, किल्ली हवी, झोप आली. तिनं तोंड उघडायच्या आत हातात..."

वाक्य पुरं होण्याआधी ते त्यांना स्वतःलाच ऐकू आलं. ते थांबले. बाई शहाण्या होत्या. त्यांनी नुसतं अस्वल आणि बुटांचा जोड आबांच्या हातात दिला.

"आबा, आज एवढंच करा. तुम्हाला काही कळत नाही असं दाखवा."

चाळीस वर्षं कुलूप बघून आतलं ओळखणाऱ्या माणसाला हे सांगणं सोपं होतं, करणं अवघड. आबा कण्हत जमिनीवर बसले. त्यांनी बूट उचलला आणि अस्वलाच्या डोक्यावर ठेवला.

गोटीनं बोटानं अस्वलाचा पाय दाखवला. एरवी एवढं पुष्कळ होतं.

"काय?" आबा म्हणाले.

गोटीनं पुन्हा बोट दाखवलं. आबांनी छताकडे पाहिलं. त्यांचा हात बुटाकडे जायला बघत होता; त्यांनी तो दुसऱ्या हातानं धरून ठेवला.

"आबा, नाय," गोटी म्हणाली.

"काय नाय?"

"बूट डोकं नाय! पाय!"

"असं होय," म्हणून आबांनी बूट स्वतःच्या पायाच्या अंगठ्यात अडकवला.

"आबा पाय नाय! अस्वल पाय!" गोटी उठून उभी राहिली. "अस्वल पाय बूट घाल!"

बाईंची पेन्सिल आता धावत होती. आबांनी गाडीला खाटेवर झोपवलं, अस्वलाला चाकाखाली ठेवलं, पांघरूण गुंडाळून त्याची टोपी केली. गोटी एकेक चूक निस्तरत होती, आणि तिचा आवाज चढत चालला होता. गाडी झोप नाय. अस्वल थंडी. आबा दे, मी. शेवटी ती कमरेवर हात ठेवून बाईंना म्हणाली, "आबा वेडा झाला."

त्या दिवसातलं तिचं स्वतःचं असं सर्व बाजूंनी पूर्ण वाक्य तेवढं एकच निघालं.

बाराला पाच कमी असताना बाईंनी हात वर केला. "त्रेपन्न."

मोजणी फार लांबली नाही. गोटीचे बोल दोन-दोन, तीन-तीन शब्दांवर अडले होते, अडीच वर्षांच्या मुलांचे असतात तसे. बाईंनी कागदावर सही केली आणि दार उघडलं.

बाबा बाकावरून उठला. "पास?"

"खुर्ची मिळाली."

"म्हणजे नापास."

"म्हणजे खुर्ची," बाई म्हणाल्या. "सोमवार ते गुरुवार, दोन ते साडेचार."

"दुपारी?" आबांनी विचारलं.

"दुपारीच. आणि आबा, बाकीच्या वेळीही, तिनं मागितल्याशिवाय हातात द्यायचं नाही."

आबांनी मान हलवली. त्यांना मात्र सगळं ऐकू आलं होतं.

तर कुणाचं काय गेलं? बाबाच्या तिन्ही गोष्टी गेल्या. रविवारी त्यानं भावाला सगळं सांगून टाकलं. भावाच्या मुलानं मध्येच एक गोष्ट सुरू केली, ती त्यानं शेवटपर्यंत ऐकली. आईचे अकरा महिने गेले, पण ते कामी आले. बाईंचं दोन मुलांमधल्या वेळेतलं जेवण गेलं, ते त्यांचं नेहमीच जातं. गोटीचं काही गेलं नाही. दात घासण्याचं वाक्य ती अजूनही विनाकारण म्हणते.

उरले आबा. आठवड्यातल्या चार दुपारी मशीनशेजारचं स्टूल रिकामं असतं. शुक्रवारी गोटी येते, बसते, माठाकडे बोट दाखवते. भरलेला पेला आबांच्या हातात तयार असतो. तो पाठीमागे धरून ते विचारतात, "काय?" आणि तिला शब्द सापडेपर्यंत तसेच उभे राहतात.