मेहिटेबलने उसवलेले साल

मित्रांनो, मी एक जुना, पिवळा पडलेला कापडाचा तुकडा आहे. हातभर लांब, वीतभर रुंद. दोन कोपरे उंदरांनी खाल्ले आहेत. तरीही ओहायोतल्या हिकरी ओढ्याकाठी आज मला काचेत घालून मानाने भिंतीवर लावले आहे. ही कृपा माझी नाही, दोन हट्टी बायकांची आहे.

गिडियन पर्डमने ओढ्याकाठचे जंगल तोडून जवस पेरला. त्याची खोडे भिजवून, कुटून, विंचरून त्याच्या बायकोने, प्रुडन्सने, सूत काढले आणि मला विणले. त्यांची दहा वर्षांची मुलगी मेहिटेबल माझ्यावर भरतकाम शिकली. मुळाक्षरे झाली, एक लाकडी घर झाले, आणि तळाशी निळ्या लोकरीने तिने भरले: मेहिटेबल पर्डम, जन्म हिकरी ओढ्याकाठी, १७९८.

प्रुडन्स मोठी कडक बाई. "समोरची बाजू पाहुण्यांची, पाठ माझी," असे म्हणून ती मला उलटे करून तपासायची. धाग्याचे एक टोक लोंबले की सगळी ओळ उसवायला लावायची. रडत रडत मेहिटेबल प्रत्येक टोक शेजारच्या टाक्याखाली खोचायला शिकली. त्या खोचण्याचा मला पुढे किती उपयोग होणार होता, हे तेव्हा कोणाला ठाऊक!

पुढे अठ्ठावीस वर्षे मी चुलाण्यावरच्या भिंतीवर होतो. येणारा जाणारा माझे कौतुक करायचा आणि मी मनातल्या मनात फुगायचो. मेहिटेबलचे लग्न झाले, नवरा तापाने गेला, मूलबाळ नव्हते. शेत तिने एकटीने राखले. मग गिरणीवाला एसा क्रॅबट्री दळण पोचवायच्या निमित्ताने वारंवार येऊ लागला. तो एकतीस वर्षांचा, ती अडतीस. तिने त्याला तीस सांगितले.

आणि एके दुपारी तिला भिंतीवरचा साक्षीदार आठवला. एसा यायच्या आत तिने मला खाली उतरवले आणि सुईच्या टोकाने साल उसवून टाकले. मला राग आला नाही. दिवसभर नांगर धरणाऱ्या बाईने आठ वर्षे कमी केली, तर कोणाचे काय गेले? लग्न लावणाऱ्या धर्मोपदेशकानेही वहीत तीसच लिहिले. दोन वर्षांनी मुलगी झाली, वंश पुढे चालला.

मग माझे दिवस फिरले. माळ्यावर पडलो, कंदिलाच्या काचेभोवती गुंडाळला गेलो, उंदरांच्या तावडीत सापडलो. शेवटी मेहिटेबलच्या पणतीने, झेल्फाने, मला धुऊन एका चौकटीत बसवले.

झेल्फाला तिच्या आजीने सांगितले होते, की या ओढ्यावर जन्मलेले पहिले गोरे मूल म्हणजे मेहिटेबल. ओढा त्याआधीही कोणाचा तरी होता आणि तिथेही पाळणे हलले होते. ती नावे मात्र या लोकांपैकी कोणी टिपून ठेवली नाहीत. झेल्फाने ही गोष्ट शाळेत सांगितली, तेव्हा मुले हसली. "झेल्फाची थाप" ही गावात म्हणच पडून गेली. दरवर्षी चर्चच्या हिरवळीवर पहिल्या वसाहतदारांच्या घराण्यांची नावे मोठ्याने वाचली जायची आणि मग कोंबडी-शेवयांचे जेवण व्हायचे. झेल्फा सगळी यादी ऐकायची आणि न जेवता घरी यायची. तिचे हृदय आता थकले होते. कान शाबूत आहेत तोवर त्या यादीत मेहिटेबलचे नाव एकदा चारचौघांत ऐकावे, एवढीच तिची इच्छा होती.

तिची भाची लिओटा शाळेतून निवृत्त झालेली मास्तरीण. ते नाव यादीत घालण्यासाठी तिने सात वर्षे पिच्छा पुरवला. काट्याकुट्यांतली दफनभूमी तुडवली, थडग्यांवरचे शेवाळ मऊ कुंचल्याने काढले, दूरच्या नातलगांना शेकडो पत्रे घातली. अशी चिकाटी मी प्रुडन्सनंतर तिच्यातच पाहिली. यादी ठेवणाऱ्या मंडळाची अट अशी, की घराणे १८०३ साली ओहायो राज्य होण्याआधीच इथे असले पाहिजे. पण कचेरी जळून कागद राख झालेले. हाती लागली ती एकच नोंद, धर्मोपदेशकाची वही: १८३६, वधूचे वय तीस. म्हणजे जन्म १८०६. मंडळाने अर्ज परत पाठवला. मी भिंतीवर तळमळत होतो, पण कापडाला कुठे तोंड असते?

त्या वसंतात चौकटीत ओल शिरली म्हणून लिओटाने मागची फळी काढली. एकशे चाळीस वर्षांत पहिल्यांदा कोणी माझी पाठ उजेडात धरून निरखली.

"मावशी, तुझा चष्मा दे जरा."

"माझाच कशाला? तुझा कुठे गेला?"

"दोन्ही हवेत."

मेहिटेबलने धागा समोरून उपसला होता, तोही घाईघाईत. पण आईच्या धाकाने खोचलेली टोके शेजारच्या टाक्यांखाली तशीच होती, निळी, जराही न विटलेली. लिओटाने चौकोनांच्या कागदावर सुईचे एकेक भोक उतरवले. तासाभराने ती कागदावरचे आकडे वाचू लागली.

"एक, सात... मावशी, सात आहे गं. सतराशे अठ्ठ्याण्णव."

झेल्फा कितीतरी वेळ मला न्याहाळत राहिली. मग हसू लागली. "अडतिशीची होती की बया! आणि त्या बिचाऱ्या एसाला तीस सांगून बसली." हसता हसता तिने एप्रनने डोळे टिपले.

नव्या अर्जावर प्रत्येक पिढीचे जन्मसाल लागत होते. झेल्फाच्या रकान्याशी लिओटाने लेखणी थांबवली. शेजारचा विधुर हार्लन टटल रोज तिच्याशी सोंगट्या खेळायला यायचा. तो अठ्ठ्याहत्तर वर्षांचा, आणि झेल्फा त्याला आपण सत्त्याहत्तरच्या असल्याचे सांगत आली होती. सालासकट अख्खी वंशावळ हिरवळीवर वाचली जाणार होती.

"एक्याऐंशी लाव," झेल्फा म्हणाली. "अठराशे पंचाण्णव. एकीच्या सुईपायी सात वर्षं गेली तुझी. आता पुरे."

ऑगस्टमध्ये मेहिटेबलचे नाव वाचले गेले. झेल्फा उठून उभी राहिली आणि कोणी हसले नाही. शेवटी तिचेही साल वाचले गेले, तेव्हा हार्लनने शेवयांचे ताट तिच्या हातात दिले.

"तरीच मला रोज हरवतेस," तो म्हणाला. "मला वाटायचं, मीच मठ्ठ आहे."

त्या दिवशी झेल्फा पोटभर जेवली.

मित्रांनो, घरातली जुनी चिंधी फेकण्याआधी एकदा उलटून पाहा. वय लपवायचे तर खुशाल लपवा, त्यासाठी मी कोणाला नावे ठेवणार नाही. पण मागून शोधत येणाऱ्यासाठी धाग्याचे एक टोक तेवढे आत खोचून ठेवा.