शेवटचा टाका

आई सकाळी गेली. शवागारातून मी थेट स्टुडिओत गेले, कारण तिच्यावर घालायची चादर तिथे होती.

ही चादर आमच्यातली प्रत्येक बाई जिवंतपणीच स्वतःच्या हाताने भरते. दिग्दर्शिकाबाईंनी ती आईकडून नुसती बघायला म्हणून नेली होती. दुसऱ्यांची संस्कृती ओरबाडणाऱ्यांवर त्या एक लघुपट काढत होत्या, अंगावर काटा येईल असा.

आत एक नटी ती चादर पांघरून उभी होती. कशिद्यावर लाल रंगाचे शिंतोडे उडवले होते.

"धुतलं की जाईल, ताई," बाई म्हणाल्या. "मावशी गेल्या? अरेरे. त्यांना फिल्म बघायची होती हो."

"तिला चादर हवी होती. तुम्ही फोन उचलत नव्हतात."

"आजच शेवटचा सीन आहे. संध्याकाळपर्यंत थांबा ना. ही तुमचीच तर गोष्ट आहे!"

"आमची आहे ना? मग द्या."

नटी फिसकन हसली.

मी तिच्या खांद्यावरून चादर ओढून घेतली. कोपरा हाताशी आला आणि मी थांबले. तेवढा एक कोपरा आईने मोकळा सोडला होता. जिची चादर ती वारल्यावर तिथे शेवटचा टाका तिच्या लेकीने घालायचा, आणि ज्या हाताने टाका घातला त्याच हाताने आईचं तोंड झाकायचं. आता तिथे कशिदा भरलेला होता, अगदी नीटनेटका.

"अर्धवट राहिला होता," बाई म्हणाल्या. "मी स्वतः बसून पूर्ण केला. शिकले त्यासाठी."

"बरं. मग चला."

"कुठे?"

"शवागारात. टाका तुम्ही घातलात, तर तोंडही तुम्हीच झाकायचं. दादा बाहेर गाडीत बसलाय."

बाईंचा चेहरा खर्रकन उतरला. "छे हो, मला नाही जमणार. मला प्रेत बघवत नाही."

"या फिल्ममध्ये किती माणसं मारलीत?"

"ते खोटं असतं!"

टेबलावर कात्री होती. ती घेऊन मी जमिनीवर बसले आणि बाईंचे टाके उसवायला लागले. आईचा धागा तुटू नये म्हणून एकेक टाका सावकाश कापत होते. मागे कुजबूज झाली. बाई कोणाला तरी म्हणाल्या, "घे, घे, हे शूट कर. चालू ठेव कॅमेरा."

मी त्यांच्याकडे पाठ फिरवली. कोपरा मोकळा झाला. आता सुई हवी होती. टेबलावर चिक्कार होत्या. उसवायला त्यांची कात्री चालली, आईच्या टाक्याची सुई मात्र मी वाटेत विकत घेणार होते.