टोपावरचे कुंकू

मित्रांनो, मी एक जुना टोप आहे. स्वयंपाकघरातला नव्हे, नाटकातला. पांढऱ्या, कुरळ्या केसांचा. ग्लासगोतल्या एका नाटक कंपनीत एकेक केस जाळीत ओवून मला घडवले, ते एका खास नाटकासाठी. अडीचशे वर्षांपूर्वी एका आयरिश नटाने ते विनोदी नाटक लिहिले होते. त्यात एका श्रीमंत मुलीला मागणी घालायला नवरदेवांची रांग लागते आणि तिचा पैसा बुडाल्याची आवई उठताच एकेक जण पळ काढतो. सर्वांत आधी जो पळे, त्याच्या डोक्यावर मी असे. लोक पोट धरून हसत. पुढे नाटक बंद पडले आणि मी खोक्यात गेलो. तिथे कसर तेवढी माझी विचारपूस करी.

२००६ साली खोके उघडले. ग्लासगोतल्याच मराठी मंडळाने तेच नाटक मराठीत बसवले होते आणि मला उसने नेले. तालमीत मी पार गोंधळलो. भाषेचे अक्षर कळेना, पण हशा जुन्याच जागी येई!

प्रयोगाच्या दिवशी सामान सांभाळणाऱ्या अनुराधाने मला नटराजाच्या मूर्तीशेजारी ठेवले, हळदकुंकू वाहिले, फुलाने पाणी शिंपडले आणि हात जोडले. मला आजवर कोणी नमस्कार केला नव्हता. मी हरखलो. तेवढ्यात पाण्याने कुंकू पसरले.

"अगं, हे काय केलंस? मंडेला रिटर्न करायचाय ना हा?" डॉक्टर कमलाकर ओरडले. मला तेच घालणार होते.

"सॉरी काका! पूजेच्या नादात लक्षातच नाही आलं हो. बेबी वाइप्सने पुसू?"

"नको, आणखी स्प्रेड होईल. दे तसाच."

लाल डागासकट आम्ही रंगमंचावर गेलो. सगळ्यांच्या नजरा डागावर. डॉक्टर म्हणाले, "मुलीच्या आधी मलाच कुंकू लागलं!" असा हशा मी जन्मात ऐकला नव्हता.

सोमवारी कंपनीतल्या बाईने मला दोन बोटांत धरले आणि हा आता कचऱ्यात टाकायचा, असे सांगितले. माझे तर धाबे दणाणले. "नो, नो! आय विल कीप इट, प्लीज," अनुराधा म्हणाली. तिचे डोळे भरले होते. मला डागाळले तिने आणि वाचवलेही तिनेच. रागवावे की आभार मानावे, मला अजून उमगलेले नाही.

दर खंडेनवमीला ती मला लॅपटॉपशेजारी पाटावर मांडते. कुंकू मात्र सुपारीला लावते. मला लांबूनच फूल. एरवी मी पिशवीत बंद असतो. कोणी घालायला मागितले, की ती म्हणते, "नको रे, खराब होईल."

मित्रांनो, वस्तू जरूर जपा. पण खराब होईल या धास्तीने तिचे काम काढून घेऊ नका. डाग पडला तर पडो. मला अजून एकदा कुणाच्या तरी डोक्यावर बसून, भर मांडवातून पळून जायचे आहे.